आईला ठाऊक असलेलं नाव

साक्षीदाराला चाळीत लपवायचं म्हणजे काय असतं, हे कायदा लिहिणाऱ्यांनी कोपरीत येऊन बघायला हवं होतं. आमच्या समोरच्या एका मावशींकडे अचानक एक भाचा राहायला आला. केस बारीक कापलेले, पायात तपकिरी बूट, आणि दिवसभर दारात खुर्ची टाकून बसणं हाच उद्योग. मावशी भाजीला निघाल्या की हाही मागोमाग निघे, पिशवी मात्र मावशीच धरत. चाळीनं त्याला आळशी भाचा म्हणून मान्य करून टाकलं. आईनं नाही केलं. मावशींना ना भाऊ ना बहीण, हे चाळीत फक्त तिला माहीत होतं. मग भाचा येणार कुठून?

मावशी आता या शहरात नाहीत, आणि ओळख पटेल असं बरंच काही मी मुद्दाम बदलून लिहितेय. पण घडलं ते असं. चाळीसमोर एक गॅरेज होतं. मालकानं येण्याजाण्याच्या वाटेवर पत्र्याची शेड ठोकली, आमच्यातल्या एका रहिवाशानं तक्रार केली, आणि एका दुपारी मालकानं त्याला लोखंडी रॉडनं मारलं. एका माणसानं त्याला मागून धरून ठेवलं होतं. तो रहिवासी दवाखान्यात गेला. पोलिसांनी मालकाला पकडलं आणि धरणारा म्हणून माझ्या भावाला. भाऊ त्याच गॅरेजात कामाला होता. तो म्हणत होता, मी तेव्हा कल्याणला सामान आणायला गेलेलो. कोण ऐकतो?

मालकाचे हात लांबवर पोचलेले, म्हणून मारहाण बघणाऱ्या साक्षीदाराचं नाव गुप्त ठेवलं होतं. आरोपपत्रात नाव नाही, साक्षही बंद दालनात, पडद्याआडून होणार. माझं डोकंच फिरलं. ज्याच्या बोलण्यावर माझा भाऊ जन्मभर आत जाऊ शकतो, तो माणूस कोण हेही भावाला कळू नये? हा कसला न्याय? मी घरात तावातावानं बोलत होते आणि आई तांदूळ निवडत होती. आजही मला वाटतं, माझा प्रश्न चुकीचा नव्हता.

मग एके दिवशी मालकाची दोन माणसं मिठाईचा पुडा घेऊन आली. मोठा वकील देतो, दोघांसाठी एकच, पैशाचं बघू नका, असं गोड बोलली. फक्त साक्षीदाराचं घर कुठलं ते सांगा, तुमच्या खिडकीतून सगळी चाळ दिसते. आईनं पुडा न उघडता परत त्यांच्या हातात दिला आणि म्हणाली, मला काही ठाऊक नाही. इतकं सरळ खोटं बोलताना मी तिला कधी पाहिलं नव्हतं.

ती माणसं गेल्यावर आंबिवलीचा मामा तिच्यावर भडकला. पोरगा आत सडतोय आणि तू लोकांची काळजी करतेस, म्हणाला. तेव्हा तिनं आम्हाला सांगितलं की तो भाचा नसून साध्या कपड्यातला पोलीस आहे, म्हणजे साक्षीदार मावशीच, आणि वर बजावलं की हे नाव या भिंतींच्या बाहेर जाता कामा नये. मी म्हटलं, निदान तू तरी जाऊन मावशींना विचार, तुमची एवढी मैत्री.

"मी नुसती तिच्या दारात जाऊन उभी राहिले तरी ती धमकीच होते," आई म्हणाली.

कल्याणच्या तुरुंगात भेटीला गेलो तेव्हा भावापर्यंत मालकाचा निरोप पोचलेला होता. तो वाळला होता. काचेपलीकडून म्हणाला, "आई, तुला माहितीये ना कोण आहे ते? सांगून टाक ना. मी सुटेन गं."

आईचे डोळे भरले, पण आवाज हलला नाही. "अरे, तो माणूस घाबरून आलाच नाही, तर तुझ्याबद्दल खरं सांगायला उरतं कोण?"

मालकाचा वकील नाकारून आईनं ठाण्याच्या कोर्टात मोफत मिळणारी वकील घेतली. वयानं माझ्याएवढी, पण तल्लख. तिलाही आईनं नाव सांगितलं नाही. एवढंच सांगितलं की गॅरेजातल्या सगळ्या कामगारांना मालकानं एकसारखे शर्ट दिले होते, माझ्या मुलाचा मीच धुते. वकीलबाईंनी न्यायाधीशांपुढे म्हटलं की नाव खुशाल झाका, पण माझे प्रश्न झाकू नका. ते मान्य झालं.

साक्षीच्या दिवशी आम्ही मायलेकी दाराबाहेर बाकावर बसलो होतो. आत काय चाललंय काही कळत नव्हतं. आईनं माझा हात इतका घट्ट धरला होता की बांगडी रुतली. वकीलबाई बाहेर आल्या आणि सगळं सांगितलं. त्यांनी विचारलं होतं, दुसऱ्या माणसाचा चेहरा पाहिलात की शर्ट? पडद्यामागून उत्तर आलं, शर्ट. चेहरा मालकाचाच दिसला, दुसऱ्याची पाठ होती. सगळे म्हणाले तोच होता, म्हणून मीही तसंच म्हटलं.

मालकाला शिक्षा झाली. भाऊ निर्दोष सुटला. लोक म्हणतात नशीब. नशीब कसलं डोंबलाचं! जिच्या एका शब्दावर मुलाचं आयुष्य टांगलेलं होतं, तिला माझ्या आईनं निर्भयपणे बोलू दिलं. आई औषधाच्या गोळ्यांच्या कारखान्यात पॅकिंग करायची आणि सातवी शिकलेली होती. तिची मुलगी म्हणवून घेताना माझी मान आजही ताठ होते.

भाऊ घरी आला त्या संध्याकाळी आईनं त्याच्या हातात पेढ्यांचं ताट दिलं आणि सगळ्या चाळीत वाटायला पाठवलं. साक्ष कुणाची होती हे आम्ही त्याला कधीच सांगितलं नव्हतं. बऱ्याच वेळानं तो गोंधळून दारात आला.

"आई, समोरच्या मावशी माझा हात धरून रडतच बसल्या. सोडेनातच. काय झालं गं त्यांना?"

आईनं ताटात पाहिलं.

"अजून चार घरं राहिलीत," ती म्हणाली. "जा, देऊन ये."