पॉटवरचा अर्धचंद्र

वर्षभर वर्गात खडू झिजतात. त्यांचे तुकडे कोणी मुद्दाम साठवीत नाही. तरी मार्चमध्ये टेबलाचा खण उपसला, की ओंजळभर निघतातच. किश्श्यांचेही तसेच आहे. ते कोणी जमवीत नाही, ते उरतात. आमच्या बेळगावच्या शाळेतल्या ज्या खोलीला सगळे ‘स्टाफरूम’ म्हणतात आणि मी एकटा ‘शिक्षककक्ष’ म्हणतो (म्हणूनच चहा मला सर्वांत शेवटी मिळतो!), त्या खोलीत गेल्या वर्षी जे तुकडे उरले, ते सारे एकाच पदार्थाचे आहेत. त्याचे नाव चिकन पॉट पाय. मी संस्कृत शिकवतो. हा पदार्थ माझ्या अभ्यासक्रमात कसा आला, ते सांगतो.

*

आमचे विलास मास्तर शारीरिक शिक्षणाचे. गाव खानापूर तालुक्यातले, नंदगडच्या अलीकडचे. छाती दरवाजाएवढी, मन त्याहून रुंद, वय छत्तीस, आणि लग्नाचा पत्ता नाही. प्रत्येक स्थळाकडून निरोप ठरलेला: “मुलगा चांगला आहे हो, पण नुसती शिट्टी वाजवतो!”

मग एका लग्नात त्यांना राजश्री भेटली. माहेर चिकोडीचे, नोकरी बेळगावच्या एका बँकेत. त्या भेटीनंतर मास्तर कवायतीत ‘सावधान’ म्हणून थांबत आणि ‘विश्राम’ म्हणायचे विसरत. पोरे उन्हात ताठ उभी!

“सर,” मला एकदा ते म्हणाले, “ही न्हाय म्हणली तर मी पुन्हा कुणाला इचारणार न्हाय.”

हे म्हणताना ते हसले नाहीत. विलास मास्तर हसले नाहीत, असे मी प्रथमच पाहिले.

आणि एके दिवशी मधल्या सुटीत तिचा फोन आला. मास्तरांच्या एका हातात व्हॉलीबॉलची जाळी होती, म्हणून त्यांनी फोन टेबलावर ठेवून स्पीकर लावला. आम्ही सर्वांनी वर्तमानपत्रांत डोकी घातली आणि कान बाहेर ठेवले.

“तुम्हाला पॉट पाय आवडतो का हो?” तिने विचारले.

“व्हय की! रोज पहाटे करतो.”

“रोज?”

“अर्धा तास पोट, अर्धा तास पाय.”

“अय्या! स्वतः करता?”

“मी करतोच, पोरांकडनंबी करून घेतो. पहिल्यांदा जड जातंय, मग सवय होती.”

पलीकडून खोकल्यासारखे काहीतरी ऐकू आले.

“मग एकदा मला करून घाला. पुढच्या महिन्यात आत्याला घेऊन येते. आत्या म्हणते, मुलाच्या हातचं खाल्ल्याबिगर होकार द्यायचा नाही.”

फोन बंद झाला. मास्तर जाळी हातात धरून उभेच. “करून घाला? पोट-पाय घालायचं कसं?”

खरे सांगतो, तिचा ‘ऑ’ मला खटकला होता. पण बँकेत गेल्यावर माणसांचे ‘ओ’ बिघडतात, अशी समजूत करून मी गप्प बसलो. तेवढ्यात तिने छायाचित्र पाठवले. पुठ्ठ्याची वाटी, वर सोनेरी पापुद्र्यांचे छप्पर, छपराला भोक पाडलेले, आणि आत पांढऱ्या रसात वाटाणे, गाजर व कोंबडीचे तुकडे. खाली ओळ: ‘बेंगळुरात ट्रेनिंगला असताना कोपऱ्यावरच्या दुकानात हा खायचे. तुमचा असाच होतो ना?’

मास्तरांनी फोन माझ्यापुढे धरला. “सर, ह्यात पोट कुठलं आन् पाय कुठला?”

*

नाव चुकले, की वस्तू चुकते, हा माझा जुना सिद्धान्त. म्हणून मी प्रथम शुद्ध प्रतिशब्द दिला: ‘पिष्टपिहित-कुक्कुटस्थाली’. म्हणजे पिठाने झाकलेली कोंबडीची हंडी.

मास्तर म्हणाले, “सर, एवढं म्हणूस्तोवर आतलं निवून जाईल!”

मग मी फळ्यावर दोन शब्द लिहिले: पोट, पॉट. “मास्तर, फरक एका अर्धचंद्राचा आहे. अक्षरावरची ही कोर पाहा. ती विसरलात, म्हणून हा प्रसंग ओढवला. आता तिला फोन करून सरळ सांगा, की ऐकण्यात चूक झाली.”

“सांगतो की. लग्न झाल्यावर!”

“आणि त्याआधी कळले तर? अर्धचंद्र देणे याचा मराठीत दुसराही अर्थ आहे. मानगुटीस धरून घराबाहेर काढणे.”

मास्तरांचा चेहरा उतरला. “म्हंजे हिकडं इसरला तर तिकडं मिळतो!”

इतकी वर्षे मी श्लेष शिकवतो आहे. इतके निर्दोष उदाहरण मला कोणी दिले नव्हते!

*

मास्तरांनी ठरवले, की महिनाभरात शिकायचेच. पहिल्या रविवारी ते कोंबडीच्या दुकानात गेले. मी सोबत होतो. मी शाकाहारी, म्हणून बाहेर पायरीवर उभा.

“पॉट पाय करायचाय, अण्णा. त्याला लागतंय तसं द्या,” आतून मास्तरांचा आवाज आला. अर्धचंद्र अगदी स्पष्ट होता. मला समाधान वाटले.

पण दुकानदाराच्या कानाला व्याकरण नव्हते. त्याने पिशवी भरून दिली आणि आपुलकीने विचारले, “कुणाचं हाड मोडलंय, मास्तर?”

“हाड? न्हाय बा.”

“मग सूप कुणाला? बघा, पोटं एका अंगाला घातल्यात, पाय एका अंगाला. पाय धा जास्तच घातलेत. गुण येतोय!”

मास्तरांनी ती पिशवी परत केली नाही. दुकानदाराला वाईट वाटले असते. शाळेच्या कबड्डी संघाने तीन दिवस सूप प्यायले, आणि पुढचा सामना जिंकला. हा कार्यकारणभाव आहे, असे माझे म्हणणे नाही.

*

आता भट्टी हवी. आमच्या साऱ्या शिक्षककक्षात घरी ओव्हन असणारे गृहस्थ एकच: गणिताचे अण्णासाहेब. निपाणीकडचे जैन कुटुंब, घरात अव्वांचा, म्हणजे त्यांच्या आईचा, शब्द अखेरचा. मास्तर आणि मी विनंती घेऊन गेलो.

अव्वांनी सारे शांतपणे ऐकले आणि एकच कानडी शब्द उच्चारला: “आगंगिल्ल!” जमायचे नाही. मग मराठीत खुलासा केला. “माझ्या ओव्हनात कोंबडी जाणार न्हाय. कांदा जाणार न्हाय. गाजर, बटाटा, जमिनीखालचं कायबी जाणार न्हाय.”

मास्तरांचे खांदे पडले. पण अण्णासाहेबांनी खिशातून पेन काढले. कोंबडी वजा, कांदा वजा, गाजर वजा, बटाटा वजा.

“बाकी काय उरतं, अव्वा?”

अव्वा कागदाकडे न पाहता म्हणाल्या, “झाकण.”

“मग झाकण तर भाजू दे!”

अव्वा हसल्या. तह ठरला: झाकण जैनांच्या घरी, खालचे मास्तरांच्या घरी, आणि दोघांची गाठ थेट ताटात.

*

पहिले झाकण स्वतः अण्णासाहेबांनी केले. मैदा, लोणी, बर्फाचे पाणी, आणि घड्यांचा हिशेब: तीन, नऊ, सत्तावीस. हिशेब अचूक होता. मात्र मोजण्याच्या नादात लोणी वितळून गेले, आणि सत्तावीस पदरांचा मिळून एकच पदर झाला.

शनिवारी सकाळची शाळा सुटल्यावर मास्तरांनी नमुना म्हणून एक वाटी आमच्या मोठ्या बाईंना, म्हणजे मुख्याध्यापिकांना, नेऊन दिली. अर्ध्या तासाने बाई स्वतः शिक्षककक्षात आल्या.

“मास्तर, आतली भाजी फार छान होती हो! थोडी गुठळी होती, पण छान.” मग त्यांनी पदराआडून काहीतरी काढून टेबलावर ठेवले. टणकन आवाज झाला. “डब्याची झाकणं नेहमी राहून जातात बघा. म्हणून घासून, धुऊन आणलंय.”

टेबलावर सत्तावीस पदरांचे झाकण निथळत होते. त्याला ओरखडाही गेला नव्हता!

बाई गेल्यावर मी म्हणालो, की जे खाता येते त्याला झाकण म्हणू नये, संज्ञाच सदोष आहे. अण्णासाहेब खिन्नपणे म्हणाले, “सर, हे खाता येत नाही. संज्ञा बरोबर आहे.”

*

ही वार्ता अव्वांच्या कानी गेली, आणि त्यांचा स्वाभिमान जागा झाला. “माझ्या घरातलं खाणं कुणी नळाखाली धुतलं? सरका!” त्यांनी लाटणे हाती घेतले.

“अव्वा, आधी घड्यांचा हिशेब...”

“मोजू नको रं. चिरोटं मोजून हुतात व्हय?”

त्यांनी चिरोट्यांसारख्या पातळ पोळ्या लाटल्या, मध्ये तूप आणि तांदळाच्या पिठाचा साटा लावला, गुंडाळी केली, कापली, पुन्हा लाटली. ओव्हनातून निघालेल्या झाकणाचे पदर श्वास सोडला तरी हलत होते. अण्णासाहेबांनी ते मोजायचा प्रयत्न केला, आणि अव्वांनी त्यांच्या हातावर लाटणे मारले.

राहिला आतला पांढरा रस. लोण्यावर मैदा परतून दूध घालायचे, हे मास्तरांनी मोबाइलवर पाहून पाठ केले होते. तरी दरवेळी गुठळ्या! शेवटी कंटाळून त्यांनी गावी आईला फोन लावला.

“आई, पांढरं, दाट, मिरीचं, कोंबडीचं. करायचं कसं?”

आई म्हणाली, “पांढरा रस्सा म्हण की सरळ! धा वर्सांचा हुतास तवापास्नं ढवळतोयस. आत्ता इसरलास?”

मास्तरांनी फोन ठेवला. मग त्यांनी मोबाइलमधली कृती पुसून टाकली आणि नारळ फोडला.

*

राजश्री आणि तिची आत्या आल्या, तो रविवार. मास्तरांच्या बिऱ्हाडात वडीलधारे म्हणून मी आणि अण्णासाहेब सतरंजीवर बसलो होतो. बघण्याच्या कार्यक्रमात मुलगी पोहे घेऊन येते. इथे पडदा सरकला आणि विलास मास्तर चार वाट्यांचे तबक घेऊन, मान खाली घालून आले. दोन वाट्यांत कोंबडी. माझ्या आणि अण्णासाहेबांच्या वाट्यांत नुसते वाटाणे.

आत्याबाई धिप्पाड. नथ मोठी, आवाज त्याहून मोठा. त्यांनी चमच्याने झाकणावर टिचकी मारली. पापुद्रे कुरकुरले, फुटले, आणि वाफ थेट नथीपर्यंत गेली. मी झाकणासकट वाटाणे खाल्ले आणि मनोमन ‘पिष्टपिहित’ हा शब्द मागे घेतला; त्या पापुद्र्यांना नुसते पीठ कोण म्हणेल?

आत्याबाईंनी वाटी निपटली.

“रस्सा कुणाचा?”

“मीच केलाय. आईनं शिकवलेला.”

“आन् वरचं?”

मास्तरांनी अण्णासाहेबांकडे पाहिले, मग माझ्याकडे. मला वाटले, आता खोटे बोलतील. आणि त्या क्षणी मी त्यांना मनोमन क्षमाही केली.

“वरचं माझं न्हाय,” मास्तर म्हणाले. “ते ह्यांच्या अव्वांचं. आणि खरं सांगायचं तर आत्याबाई, म्हैन्याभरापूर्वी पॉट पाय म्हंजे काय, ते मला ठावं नव्हतं. त्या दिवशी फोनवर मी जे...”

“आत्या!” राजश्री मध्येच म्हणाली. “सगळं विचारलंस, पण चालून दाखवायला कुठं सांगितलंस?”

“व्हय की गं! मला न्हाय का माझ्या सासूनं अंगणभर चालवलं हुतं? उठा मास्तर! पाय बघू दे.”

आता शारीरिक शिक्षणाच्या माणसाला ‘चाला’ म्हटल्यावर काय होणार? मास्तर ताठ उठले. छाती पुढे, नजर समोर, दोन्ही हातांत रिकाम्या वाट्यांचे तबक. एक-दो, एक-दो! भिंतीपाशी गेले, ‘पीछे मुड’ केले, वाट्या खणखणल्या, आणि परत येऊन आत्याबाईंसमोर थाडकन थांबले. आत्याबाई हसता हसता अशा ठसकल्या, की अण्णासाहेबांना पाण्यासाठी धावावे लागले. मास्तर मात्र सावधान स्थितीतच! त्यांना ‘विश्राम’ म्हणणारे कोणी नव्हते.

“विश्राम,” राजश्री हळूच म्हणाली.

निघताना आत्याबाई पुढे जिना उतरल्या. राजश्री उंबऱ्याशी चप्पल घालण्यासाठी वाकली. मास्तर दाराला धरून उभे होते. होकार की नकार, ते विचारायचे राहूनच गेले होते. पट्टा लावून ती उठली आणि म्हणाली,

“मग पहाटे किती वाजता येऊ? अर्धा तास पोट, अर्धा तास पाय.”

मी तिच्या अगदी शेजारी उभा होतो, आणि उच्चारांच्या बाबतीत माझे कान सहसा चुकत नाहीत. अर्धचंद्र नव्हता!