दाराचा बाक

मे महिन्यात नेरच्या रस्त्यावरचं डांबर चपलेला चिकटून घरापर्यंत येतं. अशा उन्हात मास्कोभाऊ डोक्यावर केसाळ रशियन टोपी घालून फिरायचे. एकदा त्यांनी ती सायकलच्या हँडलला अडकवली, तर गावातल्या अकरा कुत्र्यांनी तिच्यावर भुंकून भुंकून आवाज घालवला. त्यातली दोन अजून मुकी आहेत. खोटं वाटत असेल तर येऊन पाहा.

मॉस्को त्यांनी पाहिलंही नव्हतं. सोविएत काळात शिष्यवृत्तीवर ते तिकडच्या एका डोंगराळ प्रजासत्ताकात इंजिनिअर व्हायला गेले. खोलीत सोबतीला लेवान नावाचा तिथलाच मुलगा. भाऊंनी त्याला घरचा ठेचा चाखवला, आणि त्यांच्या मते तिथल्या हुकूमशाहीचा शेवट त्याच दिवशी सुरू झाला. "ज्याच्या पोटात नेरची मिरची गेली, थो चूप बसते काय?" पुढे सोविएत संघ मोडला, भाऊ कधीचे परतले होते, आणि बऱ्याच वर्षांनी तो लेवान खरंच मोर्चे काढत काढत आपल्या देशाचा अध्यक्ष झाला. आल्या आल्या त्यानं आपल्या कचेरीचं दार बिजागऱ्यांसकट काढायला लावलं आणि जाहीर केलं, "दोनच पाळ्या. तिसरी नाही." भाऊंनी नेरमध्ये पेढे वाटले. मी नऊ खाल्ले.

आमच्या कापूस संस्थेत तेव्हा एकच अध्यक्ष इतकी वर्षं बसला होता की खुर्चीला त्याच्या पाठीचा आकार आला होता. कास्तकारानं दार ठोठावायचं आणि दुपारपर्यंत उभं राहायचं. लेवानचं पाहून भाऊ या अध्यक्षाविरुद्ध उभे राहिले. त्यांचं एकच भाषण होतं: "ज्याले लपवाचं आहे, त्याले दार लागते. अन् खुर्चीवर दोनच पाळ्या! तिसऱ्यांदा बसला का माणूस खुर्चीचा पाचवा पाय होऊन जाते."

प्रचार मी केला. माझ्या मिश्या तेव्हा अशा होत्या की एसटीत मला दीड सीट लागायची. घरोघरी त्यांना पीळ देऊन सांगितलं, "भाऊ तिसऱ्यांदा बसले, तर ह्या उतरवीन." लोकांनी भाऊंच्या टोपीकडे कमी आणि माझ्या मिश्यांकडे जास्त पाहून मतं दिली. हे मी वाढवून सांगत नाही; बाकीचं थोडं सांगतो.

निवडून आल्यावर भाऊंनी दोन पाळ्यांचा नियम संस्थेच्या कागदावर आणला. मग स्वतः स्क्रू पिळून ते सागवानी दार काढलं, त्याला चार पाय ठोकून घेतले आणि कडुनिंबाखाली बाक केला. "बसा आता याच्यावर. जे आडवं येत होतं, त्यालेच आडवं केलं." वजनकाटाही सगळ्यांना दिसेल असा अंगणात आणला. बाकावर चहा पिऊन पिऊन आम्ही कपांचे गोल उमटवले, बसून बसून पॉलिश केलं. भाऊ आतून पावलावरून माणूस ओळखायचे. "पांडबा, डाव्या पायात काटा गेला काय? ये, आत ये!" दहा वर्षांत त्यांनी कोणाला "कोण?" असं विचारलं नाही.

मग एक दिवस मोबाईलवर बातमी आली. लेवाननं घटना बदलली होती आणि तो तिसऱ्यांदा उभा राहणार होता. भाऊ दोन दिवस तीच बातमी पुन्हा पुन्हा वाचत बसले. तिसऱ्या दिवशी आता हे त्याला रशियन भाषेत शिव्या घालतील म्हणून मी कान टवकारून बाकावर बसलो. भाऊ म्हणाले, "गड्या, देश म्हंजे का पानठेला आहे? अर्ध्यावर टाकून कसा जाईन थो?"

माझ्या मिशीचं डावं टोक तेव्हाच फडफडलं. मी म्हटलं, वारा असेल.

वर्षभरानं भाऊंची दुसरी पाळी संपत आली. वार्षिक सभेत दोन पाळ्यांचा नियम काढायचा ठराव त्यांनीच मांडला. "संस्थेले सध्या जाणता माणूस पाह्यजे. मी कुठी चिकटून राह्यलो? खुर्चीच मले सोडून नाही राह्यली!" लोक हसले, आणि हसता हसता हात वर झाले. माझा नाही झाला. मग मागून कोणीतरी ओरडलं, "बापू, मिश्यायचं कसं?" तेव्हा सगळी सभा माझ्याकडे वळली. भाऊ तेवढे कागदात पाहत राहिले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी न्हाव्याकडे गेलो. मिश्या न्यायला त्याला पोतं लागलं. तिथून तडक संस्थेत गेलो. एकच विचारायचं होतं: मी दारोदार दिला तो शब्द कोणाचा होता?

कडुनिंबाखाली मोकळी जागा होती. चौकटीत दार परत बसवलेलं होतं. मधोमध आमच्या चहाचे गोल, चार कोपऱ्यांत ठोकलेल्या पायांची भोकं. मी ठोठावलं.

"कोण?"

मी दार ढकललं. भाऊंनी मान वर केली, माझ्या बोडक्या ओठाकडे पाहिलं आणि पुन्हा विचारलं, "कोण आपण?"

मी नाव सांगितलं.

"असं होय," ते म्हणाले आणि परत कागदात शिरले. "बाहेर बस. बोलावतो."

मी बाहेर येऊन दार ओढून घेतलं आणि उभा राहिलो.