बेबेचं ‘कुठे’

बेबे फोनवर म्हणाली, ‘‘कुठे?’’ आणि मी मराठीत उत्तर देऊन मोकळी झाले, ‘‘असेल तिथंच, नीट बघा ना!’’ ती चष्मा शोधत होती आणि माझा सल्ला तिला अर्थातच कळला नव्हता. मीही थोडी ओशाळले, सॉरी म्हटलं आणि हिंदीत पुढचा प्रश्न विचारला.

मी तेव्हा नायमेखनला होते, विद्यापीठात पंजाबी बोलींच्या नकाशाचं काम करत. पुण्याची मुलगी हॉलंडमध्ये बसून पंजाबीवर काम करते म्हटल्यावर लोक विचारायचे, मराठी संपली का? काय बोलणार, कप्पाळ! काम त्या भाषेचं मिळालं म्हणून ती भाषा. पुढे तिचा लळा लागला हे खरं. आधी ठरलं होतं की रेकॉर्डर घेऊन घरोघर जायचं, इथल्या पंजाबी म्हाताऱ्या माणसांना बोलतं करायचं. मग ती साथ आली. सगळं बंद. मी भाड्याच्या खोलीत, नदीकडच्या खिडकीपाशी, कानाला हेडफोन लावून, आणि माणसं फोनवर.

बेबे अ‍ॅमस्टरडॅम झुइडओस्टला मुलाकडे राहायची. अख्खं घर तिला बेबे, म्हणजे पंजाबीत आई, म्हणायचं, म्हणून मीही म्हणायला लागले. मुलगा पन्नाशी ओलांडलेला, विमानतळावर सामान चढवायच्या कामावर होता, साथीत घरी बसला होता. त्यानंच गुरुद्वाऱ्याच्या ग्रुपवर माझा मेसेज वाचून फोन केला. आई जालंधरकडची, म्हणाला. बेबेही तसंच बोलायची, स्वच्छ जालंधरचं. तिथल्या बोलीचे नमुने माझ्याकडे पोत्यानं होते. खरं सांगायचं तर मला जरा कंटाळाच आला होता.

रेकॉर्डिंग लिहून काढलं आणि प्राध्यापकांकडे पाठवलं. आमचे प्राध्यापक डच, पंजाबी त्यांना वाचण्यापुरती येते, बोलायला लागले की ऐकवत नाही. त्यांचा उलट मेल आला. ‘कुठे’ या शब्दाखाली रेघ आणि पुढे प्रश्न, हा शब्द तुझा की तिचा?

अगं बाई! मी पुन्हा ऐकलं. तिचाच होता. जालंधरची बाई ‘कित्थे’ म्हणेल. मेली तरी ‘कुठे’ म्हणणार नाही. आणि मी मराठी असल्यामुळे माझ्या कानाला त्यात काही वावगं वाटलंच नाही, सरळ लिहून गेले. दुसऱ्या कुठल्याही माणसाचा कान तिथं अडखळला असता. मी मुलाला फोन केला तर तो हसला. ‘‘चिडली की म्हणते ती तसं. लहानपणापासून ऐकतोय. आम्ही तिला चिडवतो त्यावरून.’’

मग त्यानं सांगितलं ते ऐकून माझं हसू गेलं. बेबे जालंधरची नव्हतीच. फाळणीच्या वेळी चारपाच वर्षांची पोर निर्वासितांच्या छावणीत एकटी सापडली. बरोबर कुणी नाही. गावाचं नाव सांगता येईना. जालंधरकडच्या एका कुटुंबानं उचलून घरी नेलं, वाढवलं, लग्न करून दिलं. तिला आठवायचं ते एवढंच, घरासमोर उतार होता आणि खाली पाणी. पंजाबात अशी घरं किती असतील, सांगा!

पुढच्या वेळी बेबे स्वतःच बोलली. मी नुसतं बोलणं ऐकून माणसं कुठली ते ओळखते, असं मुलानं तिला सांगून ठेवलं होतं. मी हात पाहणारी ज्योतिषी असल्यासारखं सांगितलं असणार. बेबे म्हणाली, ‘‘पुत्त, मेरा पिंड लभ दे.’’ बाळा, माझं गाव शोधून दे. ‘‘मरायच्या आधी मला कळू दे, मी कुठली. मेल्यावर कळून काय डोंबल करायचंय?’’ शेवटचं वाक्य तिचं पंजाबी होतं, पण ‘डोंबल’खेरीज त्याला मराठीत दुसरा शब्द नाही.

मी लागले कामाला. बेबे शांत असली की जालंधर. चिडली, दचकली, घाईत असली की जुनं काहीतरी वर यायचं. म्हणून मी मुलाला सांगितलं, फोन चालू ठेवून बाजूला ठेवा आणि घरात नेहमीसारखं वागा. एकदा बाल्कनीत कबूतर आलं आणि बेबे ओरडली, ‘‘गच्छ! गच्छ!’’ मी खुर्चीतून उठलेच. शाळेतलं संस्कृत, गच्छति गच्छतः, आठवी ‘क’, आणि ही बाई झुइडओस्टच्या बाल्कनीत कबुतराला संस्कृतात हाकलतेय! जालंधरच्या बोलीत जाणं म्हणजे ‘जाणा’. ‘गच्छ’ म्हणतात ते पोठोहारात. रावळपिंडीच्या आजूबाजूचं ते पठार, झेलमपर्यंत, आणि वर मीरपूरच्या डोंगरापर्यंत. ‘कुठे’सुद्धा तिथलंच.

मुलाला वाटलं, झालं काम. आता गाव सांगा. इथं माझी पंचाईत सुरू झाली. ‘कुठे’ बोलणाऱ्या मुलखाची हद्द काढावी तर ती एकीकडून जाते, ‘गच्छ’ची दुसरीकडून. दोन्ही रेघा काही एकमेकींवर पडत नाहीत. मधल्या पट्ट्यात शेकडो गावं. शिवाय पोठोहारी पंजाबीचीच बोली की वेगळी भाषा, यावरून माणसं एकमेकांच्या जिवावर उठतात. मला शिव्यांचे मेल यायचे, दोन्ही बाजूंचे. आणि बोलणारी माणसं जागेवर तरी कुठे होती? तिथले शीख आणि हिंदू बोली घेऊन दिल्लीला, डेहराडूनला, कुठंकुठं गेले. बेबेचा ठिपका मी कुठे देणार, रावळपिंडीला, जालंधरला की झुइडओस्टच्या त्या बाल्कनीत? प्राध्यापक म्हणायचे, रेघ पाहिजे. या म्हणावं, तुम्हीच ओढा!

त्याच दिवसांत मला भीती वाटायला लागली. उगाच आडपडदा कशाला ठेवू, भीतीच ती. मी ज्यांना रेकॉर्ड केलं होतं त्यांतली माणसं एकेक करून जायला लागली. रायस्वाइकचे एक आजोबा, फार हसरे, प्रत्येक क्रियापदाला एक विनोद. त्यांच्या मुलीचा मेसेज आला आणि माझी त्यांच्या रेकॉर्डिंगची क्रियापदं अजून मोजायची राहिली होती. काम तर करायला हवं. मी हेडफोन लावायचे, आणि ते हसायचे. मी मोठ्यानं म्हणायचे, ‘‘अहो, तुम्ही गेलात हो, आता कशाला हसता!’’ भर दुपारी, ऊन खोलीत आलेलं असताना. बाहेर रस्त्यावर चिटपाखरू नाही, चर्चची घंटा तेवढी वाजायची, कुणासाठी कोण जाणे. हेडफोन काढून टेबलावर ठेवले तरी त्यातून बारीक बोलणं येत राहायचं. बंद करायला विसरलेली असायचे मीच, पण दर वेळी आधी मागे वळून बघायचे.

आणि त्या सगळ्यांत बेबेचा तो दुसरा आवाज. तिचा नेहमीचा आवाज जाड होता, दम लागलेला. जुने शब्द यायचे तेव्हा तो पातळ व्हायचा. आधी मला वाटलं फोनचा दोष असेल. मग लक्षात आलं, ते शब्द ती शिकली त्या वयातच थांबले होते. ते चारपाच वर्षांच्या पोरीच्या तोंडातच राहिलेले. कुणी मोठ्या माणसानं ते तिच्याशी पुढे बोललंच नव्हतं. फोनच्या त्या टोकाला ऐंशीला टेकलेल्या बाईत एक हरवलेली मुलगी बसली होती आणि मधूनच विचारायची, कुठे?

उन्हाळ्यात निर्बंध सैल झाले तेव्हा मी एकदा गेले. ट्रेन रिकामी, मेट्रो रिकामी. घरात जायचं नव्हतंच. बेबे पहिल्या मजल्यावरच्या कठड्याशी, मी खाली सायकलींच्या स्टँडपाशी. केवढीशी होती ती! मी ओरडून सांगितलं की मुलूख सापडला, पोठोहार. तिनं तो शब्द एकदा म्हणून पाहिला. मग विचारलं, ‘‘पिंड?’’ मी म्हटलं, शोधतेय. तिनं वरून मला एका पिशवीत पिन्न्या, म्हणजे पंजाबी लाडू, सोडल्या, दोरीला बांधून. मी परतीच्या ट्रेनमध्ये मास्क खाली करून खाल्ल्या आणि रडले.

मुलगा खाली सोडायला आला होता, दीड मीटर लांबून चालत. म्हणाला, ‘‘बेटा, कुठल्याही गावाचं नाव सांग ना. तिला काय कळणार आहे?’’ मी भडकले. नकाशात खोटा ठिपका? म्हटलं, उद्या त्या गावावरून कुणी काही विचारलं तर? तो म्हणाला, ‘‘कोण विचारणार आहे आता?’’ तरी मी नाहीच म्हटलं.

हिवाळ्यात बेबेला दवाखान्यात नेलं. आजार तोच. मुलानं सकाळी सकाळी फोन केला, आवाज फाटलेला. नर्स बेबेसमोर टॅबलेट धरणार होती, पाच-दहा मिनिटं. तो त्यावर बोलणार, आणि दुसऱ्या फोनवर मला स्पीकरवर ठेवणार. डच तर ती विसरलीच आहे, म्हणाला, पण आता मलाही तिचं कळत नाही. आणि म्हणाला, ‘‘आज तरी सांग तिला गाव.’’

मी हरले. त्या मधल्या पट्ट्यातलं, उतारावरचं, खाली ओढा असलेलं एक गाव नकाशात हुडकलं. नाव कागदावर लिहून समोर ठेवलं, तोंडातल्या तोंडात दोनदा म्हणून पाहिलं.

स्पीकरवर आधी यंत्रांचे आवाज आले. मग तो पातळ आवाज. जालंधर आता नावालाही उरलं नव्हतं. ती गावाबद्दल काही विचारतच नव्हती. ती म्हणाली, ‘‘झाई.’’ रावळपिंडीकडच्या शीख-हिंदू घरांत आईला झाई म्हणतात. इतक्या फोनांत हा शब्द तिच्या तोंडून कधी आला नव्हता. मग पडद्यावर मुलगा दिसला असावा, कारण तिनं विचारलं, ‘‘तूं कुसना?’’

‘‘काय म्हणते?’’ मुलगा मला म्हणाला.

‘‘विचारतायत, तू कुणाचा?’’

‘‘माझं नाव विचारते?’’

‘‘नाही हो. अनोळखी पोर अंगणात आलं की विचारतात ना, कुणाचा रे तू, तसं.’’

तो म्हणाला, ‘‘तेरा, बेबे. मैं तेरा.’’ तिचं मग पुन्हा तेच, ‘‘कुसना?’’ तो आणखी मोठ्यानं बेबे बेबे म्हणायला लागला. मला राहवेना. मी म्हटलं, ‘‘बेबे नका म्हणू, त्यांना आता बेबे माहीत नाही. झाई म्हणा.’’

‘‘झाई,’’ तो म्हणाला. टक्कल पडलेला माणूस, आयुष्यात पहिल्यांदा आपल्या आईला तिच्या भाषेत हाक मारत होता. ‘‘झाई. झाई.’’

मग दोन फोनांमधून, लांबून आल्यासारखं, पण स्पष्ट, ‘‘अच्छ.’’

‘‘अच्छा म्हणाली!’’ तो हसत होता की रडत होता कळेना. ‘‘ऐकलंस बेटा? अच्छा म्हणाली! ओळखलं मला!’’

सोडून द्यायला हवं होतं मी तिथंच. पण आयुष्यभर शब्द नीट ऐकायचेच पैसे घेतले होते. म्हटलं, ‘‘अच्छा नाही. अच्छ. पोठोहारीत अच्छ म्हणजे ये. ‘ये’ म्हणतायत तुम्हाला.’’

पलीकडे बेबे पुन्हा म्हणाली, जरा हुकमानं, बाहेर रेंगाळणाऱ्या पोराला घरात बोलवावं तशी, ‘‘अच्छ.’’

‘‘मी इथं खालीच आहे,’’ तो मला म्हणाला. ‘‘पार्किंगमध्ये, गाडीत. वर सोडत नाहीत. तिला सांग ना बेटा. तिच्या बोलीत सांग ना, मला येता येत नाही.’’

मला येत होतं ते तिच्या बोलीत सांगता. मी नाही सांगितलं; पोर येतंय, असंच तिला वाटू दे.