रिलेचा झटका आणि माझे सोल्डरिंग

बंगळूरच्या आमच्या कारखान्यात एका सोमवारी माझ्यावर ठपका आला... माझ्या सोल्डरिंगमुळे ट्रान्झिस्टर जळतात, असा. साठच्या दशकाच्या मध्यावरची ही हकीकत आहे.

मी वायरमन होतो. शिक्षण चौथीपर्यंत, तथापि माझ्या हातच्या जोडाला तोवर कोणी नावे ठेवली नव्हती.

कंट्रोल पॅनेलमधील रिले, म्हणजे तारेच्या कॉइलने चालणारे स्विच, चालू-बंद करण्यासाठी तेव्हा ट्रान्झिस्टर नुकतेच येऊ लागले होते. नवे पॅनेल पहिल्या चाचणीत नीट चाले, परंतु दहा-वीस वेळा रिले बंद केला की ट्रान्झिस्टर निकामी होई... सोल्डर करताना तो भाजतो, असे तरुण इंजिनियर साहेबांचे मत पडले.

फोरमन मुनियप्पा म्हणाले, “खंडोजी, उद्यापासून पॅकिंगला जा. स्वल्प दिवस.” हे स्वल्प दिवस किती लांबतात, ते मी पाहिलेले होते.

आम्हां वायरमन मंडळींत एक खोडी चालत असे. नव्या माणसाच्या बोटांत रिलेच्या कॉइलची दोन टोके द्यायची आणि बॅटरी जोडायची... काहीच होत नाही. मग बॅटरी काढायची... आणि तो किंचाळतो. सोडताना कॉइल चावते, हे आम्हां सर्वांस ठाऊक होते. साहेबांची अशी थट्टा मात्र कोण करणार?

मी दुपारी रिलेची एक सुटी कॉइल आणि बॅटरी घेऊन साहेबांच्या टेबलाशी गेलो. “सर, ही टोके जरा धरा.”

“चोवीस व्होल्टने काय होणार, अण्णा?” ते हसले.

मी बॅटरीची तार सोडली. “अय्यो!” म्हणत साहेब स्टुलावरून उठले. मुनियप्पांनी कपाळाला हात लावला.

“सर, यात माझा एकही जोड नाही. रिले बंद होताना हाच झटका ट्रान्झिस्टरला बसत असेल,” मी म्हणालो.

साहेब रागावले नाहीत. बोटे चोळून त्यांनी टोके पुन्हा धरली. “परत सोडा.” असे तीन वेळा...

त्याच दिवशी त्यांनी कॉइलच्या दोन टोकांमध्ये वीज एकाच दिशेने जाऊ देणारा एक डायोड उलटा बसवून घेतला. कॉइलचा झटका आता तिच्यातच फिरून विरू लागला. रिले संध्याकाळपर्यंत वाजत राहिला; ट्रान्झिस्टर शाबूत.

“सोल्डरिंग उत्तम आहे, मुनियप्पा. चूक माझ्या डिझाइनची,” साहेब सर्वांच्या देखत म्हणाले. “यांना इथून हलवू नका.”

चौथी शिकलेल्या माणसाचे म्हणणे त्यांनी स्वतःच्या बोटांवर तीनदा पडताळले, आणि मग मोठ्या आवाजात मान्य केले... त्या सद्गृहस्थांचा मी आजही ऋणी आहे.