मागचं दार बंद केलं तेव्हा

मिरजोळ्याच्या पुढे आमची वाडी आहे. तिथे आई एकटी राहते आणि मी मुंबईत नोकरी करतो. गेल्या वर्षी वाडीतलं एक बंद घर फुटलं. मालक मुंबईला, दिवा महिनोन्‌महिने लागलेला नाही, अंगणात पाचोळा साठलेला; चोरांना आणखी काय आमंत्रण हवं होतं? टीव्ही गेला, तांब्याचे हंडे गेले. पंचनाम्याला आलेल्या हवालदाराने वाडी गोळा करून सांगितलं की कडीकोयंडे पक्के करा, बाहेर दिवा ठेवा आणि जादा चावी विश्वासातल्या शेजाऱ्याकडे द्या. मी त्यातलं लोखंडापुरतंच ऐकलं.

रजा काढून मी घराचा पार किल्ला केला. पडवीला लोखंडी जाळी, तिला मोठं कुलूप, दारावर कॅमेरा. आणि मागचं दार आतून आडवी लोखंडी पट्टी ठोकून कायमचं बंद. इथे आई चिडली. आमच्याकडे पुढच्या दाराने पाहुणे येतात, पोस्टमन येतो. शेजार येतो तो मागच्या दाराने, हाक न मारता, हातात झाकलेली वाटी घेऊन. शेजारची वहिनी तर रोज सकाळी आईबरोबर चहा पिऊनच कामाला लागायची.

"मेल्या, मागल्या दाराने कोण चोर येतो?" आई म्हणाली.

"चोर मागच्याच दाराने येतात," मी म्हणालो. ते खोटं नव्हतंच. आपलं बरोबर आहे याचा मला भारी माज.

एक चावी आईच्या कमरेला, दुसरी माझ्या मुंबईच्या कपाटात. वहिनीने चावी मागितलीही नव्हती. तरी तिला ऐकू जाईल अशा बेताने मी म्हणालो, "चावी कुणाकडे द्यायची नाही. हल्ली कुणाचा भरवसा नाही." ती परसात कपडे वाळत घालत होती.

मग एका सकाळी ऑफिसात फोन वाजला: दाराशी हालचाल. बघतो तर डोक्याला टॉवेल गुंडाळलेला एक माणूस पहारीने जाळी उचकटतोय आणि एक बाई त्याला जागा दाखवतेय. त्या कॅमेऱ्यातून इथून बोलताही येतं. बटण दाबून मी ओरडलो, "ए चोरांनो! पोलीस येतायत! हात तोडीन एकेकाचे!" ऑफिसातली माणसं उठून उभी राहिली.

बाईने तोंड वर केलं. वहिनी होती. पहार तिच्या नवऱ्याच्या हातात.

"भावजी, मावशी पडलीय आत! कवाची हाका मारतेय. चावी कुठं हाय?"

चावी आईच्या कमरेला होती आणि आई स्वयंपाकघरात जमिनीवर. ज्याला आत्ता चोर म्हटलं, त्यालाच मी कळवळून सांगू लागलो, खालच्या बिजागरीवर मारा, अजून जोरात मारा. जाळी हलेना. लोखंड उत्तम होतं, मीच निवडलेलं. एमआयडीसीतून कुणीतरी कटर आणला तेव्हा कुठे ते आत गेले.

आईचं खुब्याचं हाड मोडलं होतं. ती वाचली. वाडीने मला एका शब्दाने विचारलं नाही. मी माफी मागायला गेलो तर वहिनीचा नवरा "असू दे, असू दे" म्हणत गोठ्याकडे वळला. शिव्या दिल्या असत्या तर मान तरी वर करता आली असती. मला स्वतःची किळस आली.

मागच्या दाराची पट्टी मी स्वतः काढली, चावी वहिनीच्या हातात दिली. आई अंथरुणाला खिळली म्हणून कॅमेरा तेवढा ठेवला. वहिनी दोन्ही वेळा येते, पण आता मागच्या दाराने येत नाही. पुढच्या दाराशी येते, कॅमेऱ्याखाली उभी राहते, पदर सारखा करते आणि हातातलं पातेलं वर धरून दाखवते.

"भावजी, मी हाय. मावशीला पेज आणलीय. जाऊ ना आत?"

यात टोमणा असेल म्हणून मी तिचा चेहरा पुन्हा पुन्हा पाहिला. नाही. ती खरंच विचारते आणि उत्तर येईपर्यंत खरंच थांबते. पेज निवत असते. मी कामातून उठून जिन्यात जातो, बटण दाबतो आणि माझ्या आईला भरवायला आलेल्या बाईला आत जायची परवानगी देतो.