उपासाचं मीठ

आमच्या ह्यांनी आयुष्यात दारूचा थेंब घेतला नाही. हे मी पहिल्याच ओळीत लिहून टाकते, कारण गेल्या दोन वर्षांत लिफ्टमध्ये, केमिस्टकडे, लग्नाच्या हॉलमध्ये हेच सांगून माझं तोंड दुखलं. लिव्हर म्हटलं की लोकांना आधी बाटली दिसते. ह्यांना डायबेटीस होता आणि लिव्हरला चरबी, ती वर्षानुवर्षं साचत गेली आणि एक दिवस डॉक्टरांनी सिरॉसिस हा शब्द उच्चारला. मानपाड्याच्या एका केमिकल कंपनीत लॅबमध्ये तीस वर्षं काढलेला माणूस. कंपनीच्या पार्टीत सोड्याचा ग्लास धरून कोपऱ्यात उभे राहायचे आणि साडेनऊच्या आत घरी यायचे. खालच्या मजल्यावरचे एक गृहस्थ मला सहानुभूतीने म्हणाले, "वहिनी, रोज घ्यायचे का हो?" त्यांच्याशी मी आजतागायत बोललेले नाही.

पोट दिसायला लागलं तेव्हा आम्ही दोघंही हसलो होतो. हातापायांच्या काड्या आणि मध्ये हे एवढं पोट. "या वयात दिवस गेले बघ," असं हेच म्हणायचे. पुढे ते इतकं ताणलं की नाडा बांधता येईना, दोन घास खाल्ले की दम लागायचा, आडवं पडलं की छातीवर कुणीतरी बसल्यासारखं वाटायचं. मग हसणं संपलं.

ठाण्याच्या हॉस्पिटलात पोटातलं पाणी काढायचे. सकाळी जायचं, संध्याकाळपर्यंत परत. आधी लघवीला जाऊन यायला सांगायचे, मग कॉटवर थोडं डाव्या कुशीकडे कलतं झोपवून पोटाच्या खालच्या बाजूला भूल द्यायचे आणि सुई घालायचे. सुईला नळी, नळीचं दुसरं टोक खाली ठेवलेल्या बरणीत. जिऱ्याच्या पाण्यासारखं पिवळसर पाणी तासन् तास येत राहायचं. एक बरणी भरली की दुसरी. पाच लिटर, सहा लिटर, एकदा तर आठ. हाताच्या शिरेतून अल्ब्युमिनची बाटली चढत असायची, नाहीतर एवढं पाणी एकदम गेल्यावर ब्लडप्रेशर खाली येतं. पोट हळूहळू बसत जायचं आणि ह्यांचा चेहरा मोकळा व्हायचा. त्या दिवशी संध्याकाळी ते कुशीवर वळून झोपू शकायचे.

डॉक्टरांनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं. मीठ बंद. पापड, लोणचं, फरसाण, बेकरीचं सगळं बंद. लघवीच्या गोळ्या वेळेवर आणि रोज सकाळी वजन. मीठ जितकं कमी, तितकं पाणी हळू भरणार. आणि पाणी जितकं हळू भरेल तितके दिवस मिळतील, हे त्यांनी वेगळं सांगितलं नाही, पण मला कळलं. मी ठाण्याच्या सरकारी कचेरीत चौतीस वर्षं नोकरी केलेली बाई. नियम म्हटला की तो पाळायचा आणि दुसऱ्याकडून पाळून घ्यायचा, हा माझा स्वभाव. वजनाचा काटा आणला आणि कॅलेंडरवर प्रत्येक तारखेखाली किलो लिहायला लागले.

स्वयंपाकघरातून मिठाची बरणी काढली आणि त्या जागी सैंधवाची ठेवली.

यात मला काही वावगं वाटलं नाही, हे मी आज शपथेवर सांगू शकते. माझ्या आईच्या घरी उपासाच्या दिवशी मिठाला हात लावायचा नाही. मीठ खाल्लं की उपास मोडतो. सैंधव खाल्लं तर मोडत नाही. चतुर्थी, सोमवार, दोन्ही एकादश्या, इतकी वर्षं मी ते गुलाबी सैंधव शेंगदाण्याच्या आमटीत घालत आले. जे खाऊन उपास मोडत नाही ते मीठ कसं असेल? मी बी.कॉम. आहे. पण या प्रश्नाकडे मी कधी बी.कॉम. बाईच्या डोक्याने बघितलंच नव्हतं. उलट मला आपल्या हुशारीचं कौतुक वाटायचं. मऊ भात, मुगाचं वरण, दुधीची भाजी, सगळ्यात चिमूट चिमूट सैंधव. ताट पुढे ठेवताना मी म्हणायचे, "अळणी आहे हं, पण गोड मानून घ्या." ते वर बघायचे, एक घास खायचे आणि म्हणायचे, "छान झालंय."

आधी महिन्याने पाणी काढावं लागायचं. मग वीस दिवसांनी. मग बारा.

काट्यावरचा आकडा रोज चढायचा आणि माझा पाराही. घरात मीठ नाही, म्हणजे हे बाहेर खातात. मी त्यांचे खिसे तपासले. कपाटातल्या स्वेटरांच्या घड्या उलगडल्या. संध्याकाळी ते खाली बाकावर जुन्या मित्रांबरोबर बसायचे, तिथे कोपऱ्यावर वडापावची गाडी आहे. मी ते बसणं बंद केलं. मित्र वर भेटायला आले, तर दारातच सांगितलं, "त्यांना काही खायला आणत जाऊ नका." ते बिचारे नंतर आलेच नाहीत.

"मी काही खाल्लेलं नाही गं," हे म्हणायचे.

"मग पाणी आभाळातून पडतं का पोटात?" मी म्हणायचे. याहून वाईटही बोलले आहे. ते सगळं इथे लिहवत नाही.

डॉक्टरांनी लघवीची तपासणी सांगितली. रिपोर्ट बघून ते म्हणाले, "काका, गोळ्या काम करतायत. युरिनमधून भरपूर मीठ बाहेर जातंय. तरी वेट उतरत नाही, म्हणजे वरून तेवढंच मीठ आत येतंय. घरी जेवण कोण बनवतं?"

मी तोंड उघडायच्या आत हे म्हणाले, "तिचा काही दोष नाही, डॉक्टर. मीच खातो बाहेर. वडापाव."

परतीच्या टॅक्सीत मी त्यांना सोडलं नाही. शीळ रोडवर मेट्रोच्या कामाने खड्डे पडलेले, प्रत्येक खड्ड्याला ते पोट दोन्ही हातांनी धरत होते, आणि मी बोलत होते. ड्रायव्हरने शेवटी गाणी लावली. त्यानंतर दोन दिवस मी त्यांच्याशी अवाक्षर बोलले नाही. ताट ठेवायचं आणि निघून जायचं.

पुढच्या खेपेला पाणी काढून झाल्यावर मी डबा उघडला. मुगाची खिचडी होती. ह्यांच्या तोंडाला चव नव्हती, म्हणून मी पर्समधून कागदाची पुडी काढली. "घ्या ना, थोडं सैंधव घेऊन बघा वरून."

सुई काढलेल्या जागी पट्टी लावणाऱ्या सिस्टर थांबल्या. "काकी, हे काय देताय?"

"सैंधव आहे. मीठ नाही."

"अहो काकी, मीठच आहे ना ते! रंग वेगळा, बाकी तेच. रोज देता का?"

मी ह्यांच्याकडे बघितलं. ते भिंतीकडे बघत होते. तेव्हा मला एकदम आठवलं, की हा माणूस तीस वर्षं लॅबमध्ये क्षारांच्या बाटल्या हाताळत होता. सैंधव म्हणजे काय, हे त्यांना पहिल्या घासापासून ठाऊक होतं.

घरी आल्यावर विचारलं. ओरडायचं त्राण नव्हतं. "का नाही सांगितलंत?"

ते म्हणाले, "चव लागत होती गं. सांगितलं असतं तर तू बंद केलं असतंस."

"आणि वडापाव?"

"तुला त्या डॉक्टर पोराने बोललेलं मला चाललं नसतं."

मी उठून बाथरूममध्ये गेले, नळ सोडला आणि रडले. मला स्वतःची लाज वाटली आणि त्यांचा रागही आला, दोन्ही एकदमच.

सैंधवाची बरणी मी त्याच दिवशी बेसिनमध्ये उलटी केली. आता जेवण खरोखरच अळणी झालं. मी लिंबू पिळलं, जिरं घातलं, कोथिंबीर घातली, पण जीभ फसत नाही. काट्यावरचा आकडा पाच-सहा दिवस हलला नाही. बारा दिवसांचे अठरा झाले. मी कॅलेंडरवर त्या तारखेला गोल केला. पण ताटातलं अर्धं तसंच राहायला लागलं, दंड आणखी बारीक झाले, गालफडं आत गेली.

एका दुपारी मी भात कालवत होते. ते टेबलाशी येऊन बसले आणि अगदी हळू म्हणाले, "आज ते पूर्वीचं अळणी करशील?"

मी म्हटलं, "नाही."

"बरं," ते म्हणाले. आणि त्या दिवशी त्यांनी ताट चाटून पुसून संपवलं. बहुधा मला वाईट वाटू नये म्हणून. दुसऱ्या दिवशी सकाळी थंडी वाजून ताप आला. पोटातल्या पाण्यात इन्फेक्शन झालं होतं. त्यानंतर त्यांना तोंडाने काही देऊ दिलं नाही, आणि पाचव्या दिवशी ते गेले.

डॉक्टर म्हणाले, असं कशानेही होऊ शकतं, एका जेवणाने काही फरक पडला नसता. ते माझी समजूत घालायला बोलले. त्यांनी मला काय सांगितलं, हे त्यांना कळलं नाही. फरक पडला नसता, तर मग चिमूटभर घालता आलं असतं.