आजोबांच्या गावाकडून खेळताना

मागाखाली कापसाची धूळ साचते तसे आमच्या फुटबॉल टीमचे किस्से साचलेत. एक झटकावा तर दुसरा नाकात जातो. आम्ही सोलापूरच्या पूर्व भागातले विणकर. घरात तेलुगू, रस्त्यावर मराठी. मी टीमचा मॅनेजर, म्हणजे लिंबं कापणारा.

सत्तरच्या दशकात तेलंगणातल्या एका खेड्यातून सांगावा आला. "शेजारचं गाव दरसाल आम्हाला हरवतंय. तुमचे आजे इथलेच. या, आपल्या गावाकडून खेळा." नियम एकच, आजा त्या गावचा पाहिजे.

आमचा फुलबॅक नरसय्या हरखला. आजा गाव सोडून आल्यापासून त्यांच्या घरातलं कुणी तिकडं फिरकलंच नव्हतं. एकदा तरी त्या गावचा म्हणून मैदानात उतरायचं, एवढंच त्याच्या मनात. बायको म्हणाली, "टेंभुर्णीला माझ्या भावाकडं चला म्हटलं की मात्र ह्यांचा गुडघा दुखतो."

*

गावात पंगत बसली. नरसय्यानं ऐटीत, आपल्या तेलुगूत, भाकरी आणि शेंगाचटणी मागितली. वाढपी बुचकळ्यात पडला. आत जाऊन विचारून आला आणि अदबीनं म्हणाला, "पाहुण्यांना कुठली भाषा येते?"

*

गोलकीपर मल्लिनाथ लिंगायत, त्याचा आजा सोलापूरजवळच्या वळसंगचा, तेलुगूचा गंध नाही. पण दुसरा गोलकीपर आणायचा कुठनं? 'मुका आहे' म्हणून उभा केला. पहिल्याच मॅचला बॉल उंच आला आणि मुका ओरडला, "सरका की, माझा हाय!"

सगळं मैदान त्याच्याकडं वळलं. नरसय्यानं आभाळाकडं बघून हात जोडले. "गावच्या मातीचा गुण. वाचा फुटली पोराला."

"पण मराठीत कशी?" शेजारच्या गावातल्या एकानं विचारलं.

"सोलापुरातच अडकली होती ना ती."

संध्याकाळी देवळात नारळ फुटले. मल्लिनाथ मला बाजूला घेऊन म्हणाला, "मालक, आता बोलू, का परत मुका होऊ, तेवढं सांगा की."

*

फायनलला शेजारच्या गावानं नरसय्यावरच बोट ठेवलं. ह्याचा आजा कोण? नरसय्या म्हणाला, रामय्या. गावात कुणाला आठवेना. नरसय्याचं तोंड उतरलं, तो बुटाच्या नाड्या सोडायला लागला.

शेवटी सरपंचांनी त्या काळातली एकच म्हातारी उरली होती, तिला हाताला धरून आणलं. ती म्हणाली, "रामय्या दोन होते. दोघंही विणकर, दोघंही सोलापूरला गेले. एक दोरा तुटला की शिव्या द्यायचा, दुसरा गप्प बसायचा. तुझा कुठला?"

नरसय्या गोंधळला. "आमचा शिव्या देत नव्हता, गप्पही बसत नव्हता. दोरा तुटला की देवीचं नाव घ्यायचा. 'पोचव्वा' म्हणून सुस्कारा टाकायचा. आमच्याकडं अजून सगळे तसंच म्हणतात आणि हात जोडतात."

 म्हातारीनं डोक्यावरचा पदर सारखा केला.

"खेळू द्या त्याला," ती म्हणाली. "आपलाच आहे."

ती गेल्यावर मी सरपंचांना विचारलं, "आजीबाईंचं नाव काय हो?"

सरपंच गोलपोस्टकडं बघत म्हणाले, "पोचव्वा."